भाचीचे फोटो

माझी भाची मालिकांमध्ये काम करते, हे जांब समर्थमध्ये आता कुणाला नव्यानं सांगावं लागत नाही. रामनवमीच्या उत्सवाला ती गावी आली की मंदिराच्या आवारात बायका तिला घेरतात, मालिकेतली सासू खरंच तेवढी खाष्ट आहे का म्हणून विचारतात, पोरं फोन पुढं करून सेल्फी काढतात. अभिनयाचं पहिलं मोठं काम मिळण्याआधी चार-पाच वर्षं तिनं मुंबईत मॉडेलिंग करून पोट भरलं, हेही गावाला ठाऊक आहे. त्यातले बरेच फोटो साड्यांचे होते, काही पोहण्याच्या कपड्यांचे आणि काही अंतर्वस्त्रांचे होते, हेसुद्धा ठाऊक आहे. त्याबद्दल मात्र सगळे गप्प. तिचं कौतुक करणारेसुद्धा तो काळ वगळून करतात, जणू ती औरंगाबादच्या नाट्यशास्त्र विभागातून थेट मालिकेतच उतरली. त्या वर्षांतला पुष्कळ काळ मी तिच्याजवळ होते. तिला विचारूनच हे लिहिते आहे. नाव तेवढं लिहू नकोस म्हणाली, म्हणून गाळलं आहे.

आम्ही दोघी बहिणी एकाच गावात दिलेल्या. धाकटीच्या घरी शेती, कापूस आणि मोसंबीची बाग, पाणी असेल त्या वर्षी ऊस. माझ्या घरी जिल्हा परिषदेच्या शाळेतली माझी नोकरी. मला मूलबाळ नाही, यजमानही लवकर गेले. भाची माझ्याच हाताखाली अक्षरं गिरवून मोठी झाली. शाळेच्या स्नेहसंमेलनात पाचवीतली ही पोर म्हातारीचं सोंग घेऊन उभी राहिली, तेव्हा ती वाकली कशी याकडे माझं लक्ष गेलं. इतर मुलं कमरेतून वाकतात. ही गुडघ्यातून वाकली, तिच्या आजीसारखी. पुढं औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकली. चंद्रकांत कुलकर्णी, मकरंद अनासपुरे ही मंडळी त्याच शहरातल्या रंगभूमीवर घडलेली, त्यामुळे तिथल्या मुलांना मुंबई काही चंद्रावर आहे असं वाटत नाही. २०१० मध्ये तीही निघाली. मेहुण्यांनी एकच अट घातली: सुट्ट्यांत मावशीनं सोबत राहायचं. पुढच्याच वर्षी मी निवृत्त झाले आणि जालन्याहून रात्रीची देवगिरी पकडून पहाटे दादरला उतरणं हे माझंही नेहमीचं झालं.

मॉडेलिंगचं वेड तिला कधीच नव्हतं. ती गेली होती नाटक-सिनेमासाठी. पण आरामनगरच्या गल्ल्यांत ऑडिशनसाठी रांग लावायची तर आधी फोटो हवेत, चांगले फोटो काढून घ्यायचे तर पैसे हवेत, आणि अंधेरीत तीन मुलींत एक खोली घेऊन राहायचं तरी अनामत रक्कम आणि महिन्याचं भाडं चुकत नाही. पोर्टफोलिओचे फोटो काढणाऱ्यानंच तिला सांगितलं, तुझा चेहरा साडीला चालेल, कॅटलॉग कर. नाट्यशास्त्राची पदवी होती, आवाज कमावलेला होता, पण पहिलं वर्षभर मुंबईत तिला काम मिळालं ते तोंड न उघडण्याचं.

साडीच्या कॅटलॉगचं काम मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्याचा वेग बघून थक्क झाले. एका दिवसात तीस-चाळीस साड्या. दोन बाया नुसत्या नेसवायला. निऱ्या आधीच घालून, इस्त्री मारून, चिमटे लावून ठेवलेल्या असतात. ब्लाउज एकाच मापाचे, पाठीमागून पिना टोचून अंगाबरोबर बसवलेले. पुढून राणी दिसते, मागं पाठीवर पिनांची रांग. पदर उडवायला पंखा. पायाखाली जमिनीवर चिकटपट्टीची खूण. त्या खुणेवर उभं राहायचं, दिव्याकडे हनुवटी, डावा खांदा थोडा मागं, हात काठावर असा की काठ दिसला पाहिजे आणि हात दिसता कामा नये. खटॅक. पुढची साडी. दुपारी जेवायला वीस मिनिटं आणि तीही उभ्यानं, कारण बसलं तर निऱ्या मोडतात. संध्याकाळी खोलीवर आल्यावर तिची पाठ मी खोबरेल तेल लावून चोळायची. पिना लागून उठलेले लाल ठिपके बोटांना लागायचे.

या कामाला लोक मिरवणं म्हणतात. मी बत्तीस-पस्तीस पोरांचा वर्ग दिवसभर उभ्यानं सांभाळलेली बाई आहे. उभ्यानं केलेल्या कामाचा थकवा मला कळतो.

अंतर्वस्त्रांचं काम पहिल्यांदा आलं तेव्हा तिनं मला आधी सांगितलं, घरी नंतर. मी म्हटलं, तुझं काय म्हणणं आहे? ती म्हणाली, "मावशी, पैसे तिप्पट आहेत. आणि एक दिवस ते केलं तर महिनाभर दुसरं काही न करता ऑडिशन देता येतील, रात्री तालमीला जाता येईल." हे गणित माझ्या पुढ्यात तिनं कागदावर मांडलं. मी म्हटलं, मी बरोबर येते.

अंधेरी पूर्वेला एमआयडीसीत तो स्टुडिओ होता. आत मोजकी पाच-सहा माणसं; बाकीच्यांना मज्जाव. फोटो काढणारा सोडला तर बहुतेक बायकाच. मी सुरुवातीला मान खाली घालून बसले. संकोच मला होता, तिथं कामावर असलेल्या कुणालाच नव्हता, हे थोड्या वेळानं लक्षात आलं आणि मी मान वर केली. एक मुलगी ओल्या स्पंजनं तिच्या अंगाला रंग लावत होती: गुडघ्यावरचा लहानपणीचा व्रण, पोटरीवरचे डास चावल्याचे डाग, कोपराचा काळा भाग, सगळं एका रंगात. रंग वितळू नये म्हणून खोली थंडगार ठेवलेली, म्हणून अंगावर काटा. काटा फोटोत येऊ नये म्हणून अंगावर गरम हवेचा झोत. झोतानं घाम आला की पुन्हा स्पंज. आदल्या संध्याकाळपासून तिनं मीठ खाल्लं नव्हतं, पाणीही घोटघोट. प्रत्येक फोटोआधी पोट आत घेऊन श्वास धरायचा, चेहऱ्यावर मात्र नुकतीच झोपेतून उठल्यासारखी प्रसन्नता. श्वास धरून हसणं किती अवघड असतं ते कुणीही घरी आरशासमोर करून पाहावं. दोन फोटोंच्या मध्ये ती सुती गाऊन अंगावर ओढून माझ्याशेजारी येऊन बसायची आणि मी डब्यातली पोळी तिच्या तोंडात भरवायची, कारण हातांना रंग होता.

तिथं कुणी तिच्याशी वावगं वागलं नाही, हे मुद्दाम नोंदवते. वावगं वागणारे भेटले ते दुसरीकडे. भूमिका देतो म्हणून कॉफी प्यायला बोलावणारे, रात्री अकराला फोन करणारे, "तू तर तसले फोटो दिले आहेस, मग इथं काय अडचण आहे" असं म्हणणारे. ज्या खोलीत कपडे कमी होते तिथं ती सुरक्षित होती, आणि जिथं ती सलवार-कमीज घालून, हातात पदवीचा कागद घेऊन गेली तिथं तिला त्रास झाला. हे मी जवळून पाहिलेलं आहे आणि म्हणून कपड्यांच्या लांबीवरून कामाची लायकी ठरवणाऱ्यांशी माझं जमत नाही.

२०१२-१३ चा दुष्काळ जालना जिल्ह्यानं कसा काढला हे सांगायला नको. मोसंबीच्या बागाच्या बागा वाळल्या. मेहुण्यांनी लेकरासारखी वाढवलेली बाग टँकरचं पाणी विकत घेऊन जगवायचा प्रयत्न केला. त्या टँकरचे पैसे आणि धाकट्या भावाची कॉलेजची फी भाचीनं पाठवली. कुठून आले हे मेहुण्यांनी विचारलं नव्हतं. तिनंच दिवाळीत घरी येऊन सांगितलं, आईवडील आणि आजी, तिघांच्या समोर बसून. मेहुणे उठून शेतात गेले आणि त्या सुट्टीत तिच्याशी एक शब्द बोलले नाहीत. बहीण रडली. बोलली ती आजी, म्हणजे बहिणीच्या सासूबाई, ज्यांना सगळं गाव जिजी म्हणायचं. आमच्या गावचा सगळ्यात मोठा पुरुष बाराव्या वर्षी आसनगावच्या लग्नमंडपातून पळाला, ही गोष्ट जांबच्या प्रत्येक घरात पाळण्यातल्या पोरालाही सांगतात. जिजी म्हणाल्या, "समर्थ पळाले तवा बी गावानं नावं ठेवलीच असतील की. त्यायच्या मायनं काय काय ऐकलं असंल, ते कुनी लिहून ठेवलं का?" आणि मग नातीला विचारलं, "जेवती का नीट तिथं?"

मुंबईत तिची कामं चालू असताना मला दिवस मोकळा असायचा. दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात जाऊन बसायची. तिथं लीला चिटणीसांचं आत्मचरित्र हाती लागलं, 'चंदेरी दुनियेत', १९८१ सालचं. लीलाबाई धारवाडच्या, शिकलेल्या, नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, चार मुलांच्या आई. पोटासाठी शाळेत शिकवलं, नाटकांतून कामं केली. बॉम्बे टॉकीजच्या 'कंगन'मध्ये १९३९ साली अशोककुमारांबरोबर नायिका झाल्या. १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत त्यांचा चेहरा झळकला. तोवर त्या साबणाला हॉलिवूडच्या नट्या लागायच्या. लीलाबाई पहिल्या भारतीय अभिनेत्री. एकेकाळी फळ्यासमोर उभी असलेली बाई साबणाच्या जाहिरातीत, हे वाचून मला जो आनंद झाला तो मी संध्याकाळी भाचीला सांगितला. पण तिच्या पटकन लक्षात आलं ते वेगळंच. "मावशी, त्या आधी नायिका झाल्या, मग साबण. माझं उलटं चाललंय." आणि ते खरं होतं. नाव झालेली नटी जाहिरातीला आपलं नाव देते, त्याचे पैसे घेते. नाव नसलेली मुलगी जाहिरातीला आपलं अंग देते आणि त्यातून नाव होईल अशी आशा धरते. दोघींच्या फोटोत वरवर फरक दिसत नाही, करारात जमीन-अस्मानाचा असतो.

त्यानंतर मी शोधून शोधून वाचत गेले. १९३८ च्या 'ब्रह्मचारी'त मीनाक्षी शिरोडकरांनी पोहण्याचा पोशाख घातला आणि महाराष्ट्रात गदारोळ झाला. चित्रपट मास्टर विनायकांचा, लेखन आचार्य अत्र्यांचं. वादळ मात्र अंगावर आलं ते पडद्यावर दिसलेल्या बाईच्या. त्यांची नात नम्रता १९९३ साली मिस इंडिया झाली आणि मग चित्रपटांत आली. आजीला ज्यासाठी बोल लागले, तेच नातीच्या वेळी प्रवेशपत्र झालं होतं. पण प्रवेशपत्र म्हणजे भूमिका नव्हे. नागपूरची मधु सप्रे, मैदानावर घडलेली खेळाडू मुलगी, १९९२ च्या मिस युनिव्हर्स स्पर्धेत अखेरच्या तिघींत पोचली, देशातली अव्वल मॉडेल झाली. चित्रपट म्हणावा तर २००३ चा 'बूम' तेवढा. मॉडेलिंगमधून आलेल्या सोनाली बेंद्रेचा पहिला चित्रपट, 'आग', १९९४ चा. अमोल पालेकरांनी तिला 'अनाहत'मध्ये घेतलं ते २००३ मध्ये. मधली नऊ वर्षं ती मोठमोठ्या चित्रपटांत होती, पण तिच्याकडून एवढं मागणारा दिग्दर्शक भेटायला एवढा वेळ गेला. हे मी भाचीला सांगायची तेव्हा ती मान डोलवायची आणि दुसऱ्या दिवशी सहाला उठून कामाला जायची.

तिचं अडलं ते अशा जागी, जिथं अडेल असं आम्हा दोघींनाही वाटलं नव्हतं. २०१४ च्या सुमारास एका प्रायोगिक नाटकात तिला मराठवाड्यातल्या शेतमजूर बाईची भूमिका मिळाली. मी म्हटलं, झालं, ही तर घरचीच. तालमीला मी कोपऱ्यात बसलेली. कापूस वेचायचा प्रसंग होता, रिकाम्या मंचावर, नुसत्या अभिनयातून. तिनं सुरुवात केली आणि मलाच कसंसं झालं. बोटं कमळासारखी उमलत होती. मान लांब. वाकली ती कमरेतून, पाठ सरळ ठेवून. एकेक बोंड तोडून झालं की हात क्षणभर हवेत थांबायचा. दिग्दर्शक म्हणाले, "थांब. कापूस वेचताना तुझा फोटो कोण काढतंय?"

तिला ते लागलं, पण तिला ते लगेच समजलंही. रात्री खोलीवर ती मला समजावून सांगत होती. कॅमेऱ्यासमोर स्थिर उभं राहायच्या कामात प्रत्येक हालचाल तिच्या सगळ्यात सुंदर टोकाला नेऊन थांबवायची असते, कारण फोटो तिथं निघतो. नाटकात हालचाल थांबत नसते. एकीतून दुसरी निघते, आणि सुंदर टोक असलंच तर ते निसटून जाऊ द्यायचं असतं. चार-पाच वर्षं रोज थांबायची सवय लावलेलं शरीर आता थांबल्याशिवाय राहत नव्हतं. पाचवीत गुडघ्यातून वाकणारी पोर कमरेतून वाकायला लागली होती.

दिवाळीनंतर वेचणी ऐन भरात असताना ती आठ दिवसांची रजा काढून गावी आली आणि वडिलांच्या शेतात वेचणीला गेली. कपाशीचं बोंड उकललं की त्याच्या पाकळ्या वाळून कडक होतात आणि टोकं सुईसारखी होतात. वेचताना तीच टोकं बोटांच्या पेरांत आणि नखांच्या कडेला घुसतात. नवखी बाई सावकाश, जपून वेचते आणि जास्त टोचून घेते. सरावलेली बाई बोंडाला तळहाताचा आधार न देता पाचही बोटांनी सगळ्या खणांतला कापूस एकदम ओढते आणि त्याच झटक्यात कमरेच्या ओटीत टाकते; तोवर तिचे डोळे पुढच्या झाडावर गेलेले असतात. मजुरी किलोवर मिळते, तेव्हा थांबायला सवड कुणाला? बाया तिला म्हणाल्या, "ओ हिरोइनबाई, हात चालवा, दिवस बुडायला आला." दोन दिवस ती मागं राहिली. तिसऱ्या दिवशी ओटी भरून जड झाल्यावर ती आपोआप गुडघ्यातून वाकायला लागली, कारण ते ओझं कमरेनं पेलत नाही. बांधावरून मी ते पाहिलं. मेहुणेही पाहत होते. संध्याकाळी काट्यावर सगळ्या बायांबरोबर तिचाही कापूस त्यांनी मोजला आणि वहीत तिच्या नावापुढं किलो मांडले. लेकीशी ते पहिल्यासारखे बोलायला लागले ते त्या दिवसापासून.

म्हणजे मॉडेलिंगनं तिचं नुकसान केलं का? मी तसं म्हणणार नाही, कारण त्याच नाटकामुळे तिला एका मालिकेत विचारणा झाली आणि मालिकेच्या सेटवर जे इतरांना महिनोन्महिने शिकावं लागतं ते तिला पहिल्या दिवशी येत होतं. खाली न बघता खुणेवर येऊन थांबणं. दिवा कुठं आहे हे गालाला लागणाऱ्या उबेवरून ओळखणं. सकाळच्या दृश्यात पदर कोणत्या खांद्यावर किती पडला होता हे संध्याकाळी बिनचूक तसंच करणं. बारा तासांच्या पाळीत अकराव्या तासाला चेहरा पहिल्या तासासारखा ठेवणं. मालिकांत पैसे हाती पडायला नव्वद दिवस जातात, तोवर तग धरायला तिच्याकडे साठवलेले चार पैसे होते, ते कॅटलॉगचे. घरभाडं थकलं म्हणून हातातलं स्वप्न सोडून परत गेलेल्या तिच्या नाट्यशास्त्र विभागातल्या मैत्रिणी मला माहीत आहेत. त्या हिच्यापेक्षा कमी प्रतीच्या नट्या नव्हत्या.

खरं दुखणं वेगळंच होतं आणि ते उशिरा कळलं. मालिका सुरू होऊन वर्ष होत आलं असेल. कुंभार पिंपळगावच्या बाजारात एका कपड्यांच्या दुकानात पुठ्ठ्याच्या खोक्यांची थप्पी होती आणि प्रत्येक खोक्यावर तिचा फोटो. पहिल्यांदा पाहिला तो तिच्या भावानं. ज्या कंपनीसाठी ते फोटो काढले होते तिचं ते खोकं नव्हतंच. कुठल्या तरी दुसऱ्याच मालावर, भलत्याच नावाखाली, चेहरा थोडा गोरा करून तो छापलेला होता. चौकशी केली तेव्हा कळलं की मूळ कंपनीनं फोटो पुढं विकले होते, आणि तसं करायला त्यांना पूर्ण मोकळीक होती. कामाच्या दिवशी अर्धा मेकअप झालेला असताना तिच्यासमोर जो इंग्रजी कागद सहीला आला होता, त्यात सर्व माध्यमं, सर्व देश आणि कायमची मुदत असं लिहिलेलं होतं. सही केल्याशिवाय काम सुरू होणार नव्हतं.

वकिलांनी आम्हाला १९५७ चा कॉपीराइट कायदा समजावून दिला. फोटोचा कर्ता म्हणजे फोटो काढणारा. पैसे देऊन कुणी काढून घेतला असेल आणि वेगळं काही ठरलेलं नसेल, तर पहिला मालक पैसे देणारा. फोटोत जो माणूस आहे तो या हिशेबात कुठंच येत नाही. हक्काची मुदत फोटो काढणाऱ्याच्या हयातीभर आणि त्यानंतर आणखी ६० वर्षं. मी वकिलांना दोनदा विचारलं, कारण मला वाटलं माझी ऐकण्यात गफलत झाली. जिच्या अंगाला रंग लावला, जिनं श्वास धरला, जिच्या पाठीत पिना टोचल्या, तिच्या वाट्याला त्या दिवसाची मजुरी, बस. तिनं स्वतः करारात लिहून घेतलं तरच जास्त काही.

तेव्हा मला 'चक्र'चं पोस्टर आठवलं. जयवंत दळवींच्या कादंबरीवरचा चित्रपट, १९८१ चा. स्मिता पाटीलनं झोपडपट्टीतली अम्मा काय ताकदीनं उभी केली होती. त्या भूमिकेसाठी तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि गावोगावच्या भिंतींवर चिकटवलं गेलं ते तिचं उघड्यावर अंघोळ करतानाचं चित्र. चित्रपटात तो प्रसंग त्या बाईच्या जगण्याचा भाग होता. भिंतीवर तो तिकिटं विकायला टांगला होता. स्मिता पाटीलनं स्वतः अशा पोस्टरांबद्दल मुलाखतीत बोलून दाखवलं होतं. एवढ्या मोठ्या नटीच्या हातात जे नव्हतं ते आमच्या पोरीच्या हातात कुठून येणार? आणि उलट, खटला भरायची वेळ आली की पोलिसांना फोटोतली माणसं बरोबर सापडतात. १९९५ साली बुटांच्या एका जाहिरातीत मधु सप्रे आणि मिलिंद सोमण अंगावर अजगर घेऊन उभे होते. त्या खटल्याचा निकाल लागून दोघं निर्दोष सुटले २००९ साली. चौदा वर्षं. नफ्याच्या वेळी फोटो दुसऱ्याचा आणि आरोपाच्या वेळी मॉडेलचा, ही वाटणी मला अजूनही मान्य नाही.

त्या खोक्यांपायी तिची मालिका जाता जाता राहिली. ती त्यात आई झाली होती, आणि आईचे असले फोटो बाजारात फिरतात म्हटल्यावर प्रेक्षक काय म्हणतील, असा विचार वरच्या पातळीवर सुरू झाला. तिला बोलावलं. मी बाहेर बसले होते. तिनं आत काय सांगितलं ते मला तिनं नंतर सांगितलं: "ते फोटो काढले म्हणून मी तुमच्याकडे काम मागायला यायच्या लायकीची राहिले. पोट रिकामं असतं तर मी केव्हाच गावी गेले असते. प्रेक्षकांनी विचारलं तर मला बोलायला सांगा, मी बोलते." कुणी विचारलं नाही. मालिका पुढं दोन वर्षं चालली आणि बायकांनी तिच्यावर आईसारखीच माया केली. प्रेक्षकाला काय पचतं आणि काय नाही, याचा अंदाज वरच्या मंडळींना बहुतेक नसतोच.

जांबमध्ये आता माझ्याकडे मुली येतात. आता मुंबईला जायची वाट बघावी लागत नाही. मोबाइलवर रील टाकला की जालन्याचा कुणी साडीवाला, कुणी दागिन्यांचा दुकानदार फोटो द्याल का म्हणून विचारतो. मागच्या महिन्यात एक बाई आपल्या बारावी झालेल्या मुलीला घेऊन आली. मुलगी अठरा पूर्ण आहे का, ते मी शाळेचा दाखला पाहून आधी तपासलं. मग तिच्याकडे आलेला कागद पसरून आम्ही तिघी ओसरीवर बसलो. भाची फोनवर. ओळ वाचायची, भाचीनं अर्थ सांगायचा, आईनं तो आपल्या शब्दांत परत म्हणून दाखवायचा. मुदतीच्या जागी 'कायम' होतं, तिथं आम्ही एक वर्ष लिहिलं. सर्व माध्यमं होती, तिथं दुकानाचा फलक आणि वर्तमानपत्र एवढंच ठेवलं. फोटो दुसऱ्या कुणाला द्यायचा असेल तर लेखी परवानगी आणि वेगळे पैसे, ही ओळ भाचीनं सांगितली आणि मी माझ्या अक्षरात समासात लिहिली. साडीवाल्याचा दोन दिवसांनी फोन आला. एक वर्ष परवडत नाही, दोन करा, म्हणाला. मुलगी म्हणाली, दोन चालतील, पण पैसे वाढवा. त्यानं वाढवले. संक्रांतीआधी फोटो काढायचे ठरले आहेत, आई सोबत जाणार आहे, आणि सुधारलेला कागद सही होऊन आदल्या दिवशी हातात आला तरच त्या दोघी जालन्याच्या गाडीत बसणार आहेत.